बॉबी ऑर : बचावपटू असूनही गुणतक्त्यात पहिला कसा?

चार्ल्सकाठ (प्रश्न)

बॉस्टनमध्ये राहायला येऊन मला दोन वर्षे झाली. कामावर जाताना नॉर्थ स्टेशनला उतरलो की टीडी गार्डन क्रीडागृहाबाहेरचा एक ब्राँझचा पुतळा रोज दिसतो. त्यातला खेळाडू हवेत जवळजवळ आडवा झालेला आहे, दोन्ही हात पुढे पसरलेले आहेत आणि चेहऱ्यावर आनंद आहे. तो आइस हॉकीपटू बॉबी ऑर यांचा पुतळा आहे आणि गोल केल्यानंतरचा क्षण त्यात पकडला आहे, एवढे मला समजले होते. परंतु ऑर हे आक्रमक फळीतले नव्हते, बचावपटू होते, असे सहकाऱ्याने परवा सांगितले आणि मी बुचकळ्यात पडलो.

मला मैदानी हॉकी थोडीफार कळते. तिथेही बचावपटू गोल करतात. पॅरिस ऑलिंपिकमध्ये हरमनप्रीत सिंग यांनी दहा गोल केले आणि ते बचावपटूच आहेत. ऑर यांचे गोलही पेनल्टी कॉर्नरसारख्या एखाद्या ठरावीक संधीतून आलेले असावेत का? दुसरे असे की, त्यांची व्यावसायिक कारकीर्द जेमतेम 657 सामन्यांची आहे. लोक वीस-वीस वर्षे खेळतात, मग एवढ्या अल्प कारकिर्दीच्या खेळाडूला सर्वश्रेष्ठ का म्हणतात? त्यांच्या नावावर ‘अधिक 124’ असा एक विक्रम आहे असेही वाचले, त्याचा अर्थ कोणी उलगडून सांगितल्यास आभारी राहीन.

बर्फवाट

आपल्या पहिल्या शंकेपासून सुरुवात करतो, कारण उरलेल्या दोन्हींची उत्तरे तिच्यातूनच निघतात.

आइस हॉकीत एका संघाचे गोलरक्षक धरून सहा खेळाडू बर्फावर असतात : तीन आक्रमक, दोन बचावपटू आणि एक गोलरक्षक. बचावपटूचे परंपरागत काम म्हणजे आपल्या गोलसमोरची जागा मोकळी ठेवणे, प्रतिस्पर्ध्याला कडेच्या फळ्यांकडे रेटणे आणि पक (चेंडूऐवजी वापरली जाणारी रबरी चकती) हाती लागली की ती आक्रमकांकडे देऊन आपण मागे थांबणे. तो पुढे गेलाच, तर प्रतिस्पर्ध्याच्या निळ्या रेषेपर्यंत (जिथून त्यांचा बचावाचा भाग सुरू होतो) जाई आणि तिथून लांबचा फटका मारी. ऑर यांच्या आधी असे बंधन मोडणारे कोणी नव्हतेच असे मात्र नाही. माँट्रियलचे डग हार्वी हे खेळाचा वेग आपल्या मर्जीप्रमाणे कमीजास्त करणारे बचावपटू होते आणि सर्वोत्तम बचावपटूसाठीचा नॉरिस करंडक त्यांनी सात वेळा मिळवला. परंतु हार्वी बहुधा मागे राहून सूत्रे हलवत. ऑर पक घेऊन स्वतः निघत, सगळे मैदान पार करत, आणि चढाई फसली तर प्रतिस्पर्ध्याच्या आधी परत आपल्या जागी पोचलेले असत. हे परत येणे लोकांच्या लक्षात राहत नाही, पण सगळी किमया त्यातच होती. कबड्डीतल्या कोपरारक्षकाने दर वेळी स्वतः चढाईला जावे आणि तरीही आपला कोपरा कधी उघडा पडू देऊ नये, असा तो प्रकार होता.

म्हणून पेनल्टी कॉर्नरशी केलेली तुलना मला लागू वाटत नाही. शिक्षेमुळे प्रतिस्पर्धी संघ एका खेळाडूने कमी असताना ऑर निळ्या रेषेवरून खेळ चालवत आणि त्यातून त्यांना पुष्कळ गुण (गोलाचा एक, गोलसाहाय्याचा एक) मिळत, हे खरे. परंतु त्यांची ओळख वाहत्या खेळातली होती. आपलाच संघ एका खेळाडूने कमी असला, तर इतर बचावपटू पक दूर भिरकावून देत. ऑर ती स्वतःजवळ ठेवून चारपाच जणांना हुलकावण्या देत वेळ काढत.

त्यांचा जन्म 20 मार्च 1948 रोजी ऑन्टारिओतील पॅरी साउंड या जॉर्जियन उपसागराच्या काठावरील छोट्या गावी झाला. चौदाव्या वर्षी बॉस्टन ब्रुइन्स संघाने त्यांना बांधून घेतले. त्या व्यवहारात ऑर कुटुंबाच्या घराला बाहेरून गिलावा करून देणे हीदेखील एक अट होती. पुढे ते ओशावा जनरल्स या कुमार संघात गेले, पण पहिल्या वर्षी मुलाचे वय लहान म्हणून आईने त्यांना घरीच ठेवले आणि ते केवळ सामन्यांपुरते ओशावाला जात. सरावाला न येणारा चौदा वर्षांचा मुलगा अठरा-एकोणीस वर्षांच्या मुलांविरुद्ध खेळत होता, हे मला त्यांच्या पुढच्या कुठल्याही करंडकापेक्षा अधिक थक्क करणारे वाटते.

चार्ल्सकाठ

फार आभार. मग पुतळ्यातला तो गोल कसा झाला होता?

बर्फवाट

दिनांक 10 मे 1970. उत्तर अमेरिकेच्या नॅशनल हॉकी लीगचे विजेतेपद म्हणजे स्टॅन्ली कप; त्याच्या अंतिम मालिकेतील चौथा सामना, जुने बॉस्टन गार्डन, प्रतिस्पर्धी सेंट लुइस ब्लूज. आधीचे तिन्ही सामने बॉस्टनने जिंकले होते आणि चौथा जिंकला की कप त्यांचाच होता. हा सामना 3–3 असा बरोबरीत सुटल्यामुळे जादा वेळ सुरू झाला आणि अवघ्या 40 सेकंदांत निकाल लागला.

सेंट लुइसचा खेळाडू पक आपल्या भागातून बाहेर काढू पाहत असताना ऑर निळ्या रेषेवरून मागे हटण्याऐवजी पुढे सरकले आणि त्यांनी ती अडवली. हा जुगार होता. पक त्यांना चुकवून गेली असती, तर मागे जवळजवळ मोकळे मैदान होते. अडवल्याबरोबर त्यांनी ती गोलजाळ्यामागच्या डेरेक सँडरसन यांच्याकडे दिली आणि स्वतः जाळ्याच्या दिशेने सुटले. सँडरसन यांनी परत दिलेली पक त्यांनी गोलरक्षक ग्लेन हॉल यांच्या पायांमधून आत सारली. त्याच क्षणी सेंट लुइसचे बचावपटू नोएल पिकार यांच्या स्टिकने त्यांचे पाय उचलले गेले. म्हणजे पुतळ्यातली झेप ही मुळात झेप नव्हे, पाडापाडी आहे. हात उंचावण्याचा आनंद तेवढा त्यांचा स्वतःचा.

रे लुसिए या वृत्तपत्र छायाचित्रकाराने टिपलेल्या त्या छायाचित्रावरून हा पुतळा घडवला आणि बरोबर चाळीस वर्षांनी, 10 मे 2010 रोजी, त्याचे अनावरण झाले. लुसिए ज्या जागेवर बसले होते ती दुसऱ्या एका छायाचित्रकाराची होती आणि तो काही प्यायला उठून गेला होता, अशी कथा सांगतात. बॉस्टनने स्टॅन्ली कप त्याआधी 1941 मध्ये जिंकला होता. ऑर संघात आले त्या 1966–67 च्या हंगामात तर हा संघ तळाला होता, त्यामुळे या गोलाचे मोल शहराला किती वाटले असेल याची कल्पना करता येते.

ताळेबंद

‘अधिक 124’बद्दल मी लिहितो, आणि थोडी हरकतही नोंदवतो.

एखादा खेळाडू बर्फावर असताना त्याच्या संघाने गोल केला की त्याच्या नावावर अधिक एक, संघावर गोल झाला की उणे एक. प्रतिस्पर्ध्याचा खेळाडू शिक्षा भोगत बाहेर असताना संख्याबळाच्या जोरावर केलेले गोल यात धरत नाहीत. 1970–71 च्या हंगामात 78 सामन्यांत ऑर यांची ही बेरीज अधिक 124 झाली, आणि आजपर्यंत ती कोणालाही ओलांडता आलेली नाही. सर्वांत जवळ पोचले ते माँट्रियलचे लॅरी रॉबिन्सन, 1976–77 मध्ये अधिक 120, आणि तेही बचावपटूच. ऑर यांनी त्याच हंगामात 37 गोल आणि 102 गोलसाहाय्ये मिळून 139 गुण मिळवले. बचावपटूंमध्ये हाही आजवरचा उच्चांक आहे. 1985–86 मध्ये पॉल कॉफी यांनी 48 गोल करून ऑर यांचा 46 गोलांचा विक्रम मोडला, पण त्यांची गुणसंख्या 138 वर अडकली.

आता हरकत. 1967 मध्ये लीगमधील संघ सहावरून एकदम बारा झाले आणि 1970 मध्ये आणखी दोन आले. नव्या संघांची ताकद बेताची होती आणि बॉस्टनकडे त्याच हंगामात 76 गोल करणारे फिल एस्पोझिटो होते. अशा परिस्थितीत मोठे आकडे येणे स्वाभाविक होते. शिवाय तो विक्रमी हंगाम कसा संपला? बाद फेरीच्या पहिल्याच मालिकेत, केन ड्रायडन या नवख्या गोलरक्षकाच्या माँट्रियलने बॉस्टनला सात सामन्यांत हरवले.

एवढी वजाबाकी केल्यावरही काही शिल्लक राहते, हे मान्य केले पाहिजे. दुबळे प्रतिस्पर्धी सगळ्यांनाच लाभले होते आणि एस्पोझिटोंच्या सोबत आणखी अनेक जण खेळत होते, तरी त्या संघातील दुसऱ्या कोणाचीही ही बेरीज शंभरावर गेली नाही. हंगामात सर्वाधिक गुण मिळवणाऱ्यास मिळणारा आर्ट रॉस करंडक ऑर यांनी 1970 आणि 1975 असा दोनदा जिंकला. दुसऱ्या कोणत्याही बचावपटूला तो एकदाही मिळालेला नाही. नॉरिस करंडक 1968 पासून सलग आठ वर्षे त्यांच्याकडे होता. 1967 चा नॉरिस मिळवणारे हॅरी हॉवेल यांनी तेव्हाच म्हणून ठेवले होते की, मला तो आत्ता मिळाला हे बरे झाले, यापुढे तो ऑरचाच असणार.

शिशिर_अ

657 सामन्यांचे उत्तर डाव्या गुडघ्यात आहे. पहिल्याच हंगामापासून तो दुखावत गेला. ऑर यांची शैलीच अशी होती की, वेगात जाताना एका पायावर सगळा भार टाकून वळायचे आणि शेवटच्या क्षणापर्यंत पक सोडायची नाही, त्यामुळे धडकाही अधिक बसत. दुर्बिणीतून केली जाणारी शस्त्रक्रिया तेव्हा रुळलेली नव्हती. गुडघा मोठा छेद देऊन उघडत आणि फाटलेली कूर्चा काढून टाकत. मग हाडावर हाड घासत राही. कारकिर्दीत अशा डझनभर तरी शस्त्रक्रिया झाल्या असे मानले जाते. कॅनडाची सोव्हिएत संघाविरुद्धची 1972 ची गाजलेली मालिका त्यांना गुडघ्यामुळेच खेळता आली नाही. त्याच वर्षी त्यांनी बॉस्टनला दुसरा स्टॅन्ली कप मिळवून दिला होता, हे लक्षात घेतले म्हणजे तो गुडघा किती बेभरवशाचा झाला होता हे कळते. 1975–76 मध्ये ते जेमतेम दहा सामने खेळले.

कारकिर्दीचा दुसरा घात वैद्यकीय नव्हता. त्यांचे एजंट ॲलन ईगलसन हे एकाच वेळी खेळाडूंच्या संघटनेचे प्रमुखही होते. 1976 मध्ये ऑर बॉस्टन सोडून शिकागो ब्लॅक हॉक्सकडे गेले. बॉस्टनच्या मालकांनी त्यांना राहण्यासाठी संघात 18.5 टक्के भागीदारी देऊ केली होती. हा प्रस्ताव ईगलसन यांनी आपल्याला कळवलाच नाही, असे ऑर सांगत आले आहेत, आणि ईगलसन यांनी ते नाकारले आहे. मात्र पुढचा भाग वादाचा नाही. निवृत्तीच्या वेळी ऑर यांच्या मालमत्तेपेक्षा देणी अधिक होती, त्यांनी ईगलसन यांच्याशी संबंध तोडले, आणि 1998 मध्ये ईगलसन यांनी फसवणुकीचे गुन्हे न्यायालयात कबूल करून तुरुंगवास भोगला. त्यांचे नाव हॉकी हॉल ऑफ फेममध्ये राहणार असेल तर आम्ही बाहेर पडतो, अशी भूमिका ऑर आणि इतर अनेक माजी खेळाडूंनी घेतली, तेव्हा ईगलसन यांना तिथून राजीनामा द्यावा लागला.

एजंटवर डोळे झाकून विश्वास टाकणे हा केवळ भोळेपणा नव्हता, असे मला वाटते. 1966 मध्ये याच ईगलसन यांनी अठरा वर्षांच्या ऑर यांना नवोदितासाठी तोवर न ऐकलेली रक्कम मिळवून दिली होती. ज्याने पहिला करार करून दिला त्याचे हिशेब कोण तपासतो?

उत्तरध्रुव

वरील सर्व मान्य करून एक वेगळे मत मांडतो. बचावपटूच्या कारकिर्दीचा आदर्श म्हणून मी स्वीडनच्या निक्लास लिडस्ट्रम यांचे नाव घेईन. डेट्रॉइटने 1989 च्या नवोदितांच्या निवडीत त्यांना 53 व्या क्रमांकावर घेतले. 1991 ते 2012 या काळात ते त्या एकाच संघाकडून 1,564 सामने खेळले, चार स्टॅन्ली कप आणि सात नॉरिस करंडक जिंकले. शेवटचा नॉरिस मिळाला तेव्हा ते 41 वर्षांचे होते. 2008 मध्ये स्टॅन्ली कप उंचावणारे ते युरोपात घडलेले पहिले कर्णधार ठरले. ते धडका देत नसत, कारण त्यांना द्याव्या लागत नसत. प्रतिस्पर्धी ज्या जागी जाऊ पाहत असे तिथे त्यांची स्टिक आधीच टेकलेली असे. त्यांचा पुतळा करायचा झाला तर शिल्पकाराची पंचाईत होईल, कारण हवेत उडालेला असा त्यांचा एकही क्षण मला आठवत नाही.

बर्फवाट

लिडस्ट्रम यांच्याबद्दल दुमत नाही. परंतु त्यांच्यासारख्या बचावपटूने चढाईत सहभागी व्हावे ही अपेक्षा 1991 मध्ये सर्वमान्य झालेली होती, ती ऑर यांच्यामुळे. ऑर यांच्या आधीच्या काळात एखादा बचावपटू वर्षाला शंभर गुण मिळवील असे कोणी म्हटले असते, तर त्याला खेळ कळत नाही असेच ठरले असते.

चार्ल्सकाठ

सर्वांचे मनःपूर्वक आभार. आता पुतळ्याकडे पाहताना नजर आधी डाव्या गुडघ्याकडे जाईल. एक शेवटची शंका : शिकागोला गेल्यावर पुढे काय झाले?

शिशिर_अ

जाण्यापूर्वी एक स्पर्धा झाली, ती आधी सांगतो. सप्टेंबर 1976 मधील कॅनडा कपमध्ये ते देशासाठी खेळले. सामन्याच्या दिवशी सकाळी धड चालता येत नसे आणि संध्याकाळी ते बर्फावर उतरत. सात सामन्यांत नऊ गुण मिळवून ते स्पर्धेतील सर्वोत्तम खेळाडू ठरले. गुडघ्यात जे काही शिल्लक होते ते बहुधा तिथे संपले. शिकागोकडून पहिल्या हंगामात 20 सामने, दुसरा हंगाम संपूर्ण विश्रांतीत, आणि तिसऱ्यात 6 सामने झाल्यावर नोव्हेंबर 1978 मध्ये, वयाच्या तिसाव्या वर्षी, त्यांनी निवृत्ती जाहीर केली. हॉल ऑफ फेमने नेहमीची प्रतीक्षेची अट बाजूला ठेवून पुढच्याच वर्षी त्यांना प्रवेश दिला.

शिकागोत न खेळलेल्या काळाच्या पगाराचे धनादेश त्यांनी वटवले नाहीत. आपल्याला खेळण्याचे पैसे मिळतात आणि आपण खेळलेलो नाही, एवढेच कारण त्यांनी दिले. ज्या माणसाची देणी मालमत्तेच्या वर गेली होती, त्याने हे केले.