सुप्यात जळाले ते कर्जरोखे
इंग्रजांच्या कोर्टांमुळे गरीब रयतेला न्याय मिळू लागला, हे मत मला अर्धंच पटतं. १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात, ऐन बाजाराच्या दिवशी, कुणब्यांनी सावकारांच्या वह्या आणि कर्जरोखे जाळले. माणसांना फारसा हात लावला नाही, रोष कागदांवर होता. मला हेच सगळ्यांत बोलकं वाटतं, कारण त्याच कागदांवरून कोर्ट सावकाराच्या बाजूने हुकूमनामे देई आणि कुणब्याची जमीन जाई. अमेरिकेतलं यादवी युद्ध संपून कापसाचे भाव कोसळलेले, त्यात सरकारने शेतसारा वाढवलेला, म्हणून कुणबी कर्जात अडकलेले. रोख्यामागचा सगळा व्यवहार तपासायची मुभा न्यायाधीशांना मिळाली ती १८७९ च्या कायद्याने, म्हणजे सुप्यासारखे हे दंगे होऊन गेल्यावर.