नोटीस ‘काढली’ की ‘बजावली’? खाजगी वनाच्या दाव्यांतली क्रियापदं

मसाईपठार: आमच्या सातबाऱ्यावर इतर हक्कांत ‘खाजगी वन, कलम ३५(३)’ असा शेरा आहे. फेरफार बघितला तर एकीकडे ‘नोटीस निघाली’, पुढच्या ओळीत ‘नोटीस दिली’, आणि वनखात्याच्या पत्रात ‘बजावली’. तिन्हींचा अर्थ एकच धरायचा का? शिवाय ‘जमीन शासनाकडे विहित झाली’ असंही वाक्य आहे. ते बरोबर आहे का?

पंचगंगाकाठ: एकच धरू नका, सगळा दावा त्या क्रियापदावर उभा असतो. ‘काढणे’ म्हणजे कचेरीत मसुदा झाला, सही झाली, जावक क्रमांक पडला. ‘बजावणे’ म्हणजे ज्याच्या नावाची नोटीस त्याच्या हातात ती पोचली. हा शब्द फारसी ‘बजा’वरून आला, म्हणजे जागच्या जागी. ‘हुकूम बजावला’, ‘कर्तव्य बजावलं’ म्हणताना काम तडीला गेलं असंच आपण म्हणतो. कागद टेबलावरून उठला एवढ्याने बजावणी होत नाही.

आता कायदा. महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, १९७५ हा ३० ऑगस्ट १९७५ ला अमलात आला आणि त्या दिवशी खाजगी वनं आपोआप शासनाची झाली. ‘खाजगी वन’ कशाला म्हणायचं ते कलम २(च) मध्ये आहे. त्यातला एक प्रकार म्हणजे १९२७ च्या भारतीय वन अधिनियमाच्या कलम ३५(३) खाली नोटीस निघालेली जमीन. इंग्रजी मजकुरात तिथे ‘इश्यूड’ आहे आणि त्याचे दोन्ही अर्थ होतात. शासनाचं म्हणणं, निघाली की पुरे. मालकांचं म्हणणं, पोचली पाहिजे. विक्रोळीच्या गोदरेज प्रकरणात ३० जानेवारी २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने दुसरा अर्थ घेतला. कारण सरळ आहे. ३५(३) ची नोटीस कारणे दाखवा अशी असते. मालकाला हरकत घ्यायची संधी द्यायची, तर कागद त्याला मिळायला नको? त्याच कलमाच्या पोटकलम (५) मध्ये समन्ससारखी बजावणी सांगितली आहेच. गोदरेज प्रकरणातली नोटीस १९५६ ची होती, आणि इतकी वर्षं पुढे काहीच न करता पडून राहिलेली नोटीस अशी जिवंत करता येत नाही, हेही न्यायालयाने म्हटलं. मराठीत ही दोन क्रियापदं आधीपासून वेगळी आहेत. घोळ इंग्रजीचा, भोगतो सातबारा.

रंकाळा: ‘विहित’बद्दल. ती सरळ चूक आहे, ‘निहित’ हवं. दोन्हींत ‘धा’ धातूच आहे, पण ‘विहित’ म्हणजे ठरवून दिलेलं (विहित नमुना, विहित मुदत) आणि ‘निहित’ म्हणजे ठेवलेलं, सोपवलेलं. जमीन शासनाकडे निहित होते. एका अक्षराने मालकी फिरत नाही, पण अर्जात तीच चूक उतरवून घेऊ नका.

‘खाजगी’ आणि ‘खासगी’ दोन्ही चालतात. मात्र संस्थानी कागदात ‘खासगी’ दिसलं तर थांबून वाचा, तिथे छत्रपतींच्या स्वतःच्या खात्याचा संदर्भ असू शकतो. कोल्हापूर संस्थान १ मार्च १९४९ ला मुंबई प्रांतात विलीन झालं. त्याआधीच्या नोंदीतला हा शब्द १९७५ च्या कायद्यातला समजायचा नाही.

मसाईपठार: मग बजावणी झाली की नाही, हे कशावरून ठरवायचं?

पंचगंगाकाठ: माहिती अधिकारात नुसती ‘नोटिशीची प्रत’ मागू नका, ती मिळते आणि तिच्यातून काही कळत नाही. ‘बजावणीची पोच, बजावणी करणाऱ्याचा अहवाल, आणि दारावर चिकटवली असेल तर पंचनामा’ असं लिहून मागा. मग नाव तपासा. नोटीस मयत खातेदाराच्या नावाने, किंवा पाच हिस्सेदारांपैकी एकालाच, असं असेल तर तो मुद्दा पहिला. राजपत्रात छापली होती असं उत्तर आलं, तरी छपाई वेगळी नि बजावणी वेगळी. पोच सापडलीच, तर मात्र या शब्दावर वेळ घालवू नका, लागवडीच्या मुद्द्याकडे वळा.

रंकाळा: तो मुद्दा १९७५ च्याच कायद्याच्या कलम ३(२) चा. ३० ऑगस्ट १९७५ ला जी जमीन कायदेशीररीत्या लागवडीखाली होती आणि कमाल धारणेच्या (एकाने जास्तीत जास्त किती जमीन ठेवायची त्या मर्यादेच्या) आत होती, ती निहित होत नाही. इथे ‘लागवड’ म्हणजे पीक. वनखात्याच्या कागदात ‘लागवड’ म्हणजे रोपवन, आणि आपण उसाला तर ‘लागण’ म्हणतो. म्हणून १९७४-७५ आणि ७५-७६ चे पीकपाहणीचे उतारे काढा. त्यात ‘नाचणी’, ‘वरी’, ‘भात’ अशी नावं असली तर बळ मिळतं. ‘गवतपड’ (पीक नसलेली, गवताची जमीन) असेल तर अडतं.

या वादाचा अर्ज त्याच कायद्याच्या कलम ६ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे करायचा, त्यावरचं अपील महसूल न्यायाधिकरणात. कलम २२-अ वेगळं, ते जमीन परत मिळण्याचं. संपादनामुळे एकूण धारणा १२ हेक्टरांखाली गेली असेल, तर त्या मर्यादेपर्यंत. पण २२-अ चा अर्ज म्हणजे जमीन निहित झाली हे मान्य करणं, असं समोरचा वकील म्हणणारच. तेव्हा आधी कलम ६, आणि २२-अ मागायचंच तर ‘पर्यायी मागणी’ म्हणून. उच्च न्यायालयात जायची वेळ आली, तर ऑगस्ट २०२५ पासून त्याचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) कोल्हापुरातच आहे, मुंबईचा फेरा वाचला.

मसाईपठार: आणि ‘वन’ हा शब्द? सुनावणीत ‘शब्दकोशातला अर्थ’ असं म्हणतात ते काय?

पंचगंगाकाठ: ते सर्वोच्च न्यायालयाचं गोदावर्मन प्रकरण, १२ डिसेंबर १९९६. मालकी कुणाचीही असो, शब्दकोशातल्या अर्थाने जे वन, त्याला १९८० चा वन संवर्धन कायदा लागू. म्हणजे जमीन तुमचीच ठरली, तरी त्यावर प्रत्यक्ष जंगल उभं असेल तर बिगरवन वापराला केंद्राची परवानगी लागते. मालकी एक, वापर दुसरा.

रंकाळा: यातच आपल्या बोलीचा फटका बसतो. आपल्याकडे ‘रान’ म्हणजे शेत. ‘रानात गेलाय’ म्हणजे भांगलायला गेलाय. बाहेरून आलेला लेखनिक जबाबात ‘रान’ लिहितो आणि पुढे वाचणारा त्याचं जंगल करतो. सही करण्याआधी जबाब वाचून घ्या, आणि प्रत्येक ‘रान’पुढे ‘म्हणजे पिकाची जमीन’ एवढं लिहायला लावा.