मदत हवी आहे: १६ मिमी फिल्मवर हाताने दिलेला रंग शेजारच्या फ्रेममध्ये पसरतो

नमस्कार मंडळी. कॅमेरा न वापरता थेट फिल्मवर रंग देऊन एक मिनिटाचा अमूर्त लघुपट करायचा आहे. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर १४४० फ्रेम, म्हणजे ३६ फूट पट्टी.

कोरी पट्टी दोन प्रकारे करून पाहिली. ब्लीचने धुतली की फिल्मवरचा जिलेटिनचा थरच निघून जातो, मग उघड्या प्लॅस्टिकवर पाण्यातली शाई थेंबाथेंबाने गोळा होते. अ‍ॅक्रिलिक चिकटतो खरा, पण जाड थर दिला तर पट्टी वाकताच पापुद्रे सुटतात आणि प्रोजेक्टरच्या गेटमध्ये (पट्टी जिथून सरकते त्या खिडकीत) साचतात. याउलट न वापरलेली फिल्म डेव्हलप न करता नुसती फिक्सरमधून (प्रकाशसंवेदी चांदीचे क्षार विरघळवणाऱ्या रसायनातून) काढून धुतली तर जिलेटिन टिकते, रंग आत मुरतो आणि पडद्यावर काचेसारखा उजळतो. ही पद्धत कितीतरी सरस. अडचण एवढीच की ओलसर जिलेटिनमध्ये रंग पसरतो, आणि फ्रेमची उंची जेमतेम साडेसात मिलिमीटर!

शाई घट्ट करायला गम अरेबिक (डिंक) चालेल का, की वाळल्यावर तडकेल? पाण्याऐवजी स्पिरिटमधला रंग घेतला तर कडा नेमक्या राहतील?

आणखी एक. स्कॅननंतर ४:२:० फाइल (रंगाची माहिती कमी करून साठवणारी) केली की लाल-निळ्याची सीमारेषा चिखलासारखी होते. रंगाची पूर्ण माहिती असलेला ४:४:४ मास्टर ठेवलाच आहे, पण प्रक्षेपणाच्या प्रतीसाठी काय वापरता? (एकाआड एक लाल-निळ्या फ्रेम म्हणजे सेकंदाला १२ झपके, त्यामुळे अपस्माराची सूचना सुरुवातीलाच टाकणार आहे.)