'मॅशर'ला मराठीत काय म्हणाल?

जुन्या मूकपटांवर एकपानी टिपण करतेय, 'मॅशर'वर अडलेय. अमेरिकेत १८८० च्या सुमारास रूढ झालेला हा शब्द. रस्त्यात, ट्राममध्ये अनोळखी बायकांशी सलगी करू पाहणारा तो मॅशर. विलायतेत मात्र त्याचा अर्थ नटूनथटून नाटकगृहाच्या दाराशी नट्यांसाठी ताटकळणारा छेलछबिला.

माझ्यासमोर आहे एडिसन कंपनीचा १९०३ चा 'व्हॉट हॅपन्ड इन द टनेल', जेमतेम मिनिटभराचा. आगगाडीत बाईचा रुमाल पडतो, मागच्या बाकावरचा गृहस्थ उचलून देतो आणि तेवढ्या भांडवलावर पुढे वाकून बोलायला लागतो. बोगदा येतो, पडदा काळा होतो. उजेड पडतो तेव्हा साहेब चुंबन घेताहेत ते तिच्या कृष्णवर्णीय मोलकरणीचं! अंधारात दोघींनी जागा बदललेल्या. त्या खो-खो हसतात. (विनोदाचा अर्धा भार मोलकरणीच्या रंगावर आहे, ते टिपणात लिहावंच लागेल.)

'रोडरोमिओ' नको. रोमिओ ज्युलिएटला हवा होता.

—

सडकसख्याहरी! एवढा ठसकेबाज शब्द असताना शोधता कशाला?

—

तो रेल्वेत बसलाय हो, सडक कुठून आणू? शिवाय सख्याहरी म्हटलं की लाडिक वाटतं. 'विनयभंग' पोलीस ठाण्यातला, त्यात बाईच्या विनयाचं काय झालं ते कळतं, बाप्याचं नाव नाही.

—

आपल्याकडे नाव आहे: कीचक. बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात केलेल्या 'सैरंध्री'चा (१९२०) खलनायक तोच. गंमत म्हणजे संस्कृतात कीचक म्हणजे वाऱ्याने शीळ घालणारा पोकळ बांबूही. शीळ घालणाऱ्याला याहून चपखल काय?

—

बांबू आवडला. पण कीचकाचा भीमाने चेंदामेंदा केला. इथे भीम नाही, दोघी बायकांनीच परस्पर निकाल लावलाय. आणि कीचक म्हटलं की भीती वाटते. मॅशर त्रासदायक, पण बावळट.

—

मग 'लघळ'? आमची आजी 'मेला लघळ आहे' म्हणायची, की त्या माणसाला चहा अंगणातच मिळायचा.

—

लघळ! मापात बसला. बोगद्याच्या प्रसंगाला मथळाही सुचला: 'लगट अंगलट आली'.