समान उद्देश आणि नुसती हजेरी

जमावाने गुन्हा केला की त्यातला प्रत्येक जण सारखाच दोषी असतो, असे मांडले जाते. भारतीय न्याय संहितेच्या कलम १९० बाबत (बेकायदेशीर जमाव) ते काही अंशी खरे असले, तरी समान उद्देशाने मिळून केलेल्या गुन्ह्याच्या कलम ३(५) बाबत (म्हणजे जुन्या भारतीय दंड संहितेच्या कलम ३४ बाबत) ते टिकत नाही.

मालवणच्या किनाऱ्यावर रापणकर (किनाऱ्यावरून जाळे ओढणारे पारंपरिक मच्छीमार) आणि पर्ससीन (मोठ्या घेर-जाळ्याच्या) नौकेवरचे खलाशी यांच्यात वाद पेटला, असे समजू. दोघांनी एका खलाशाला धरून ठेवले आणि तिसऱ्याने कोयत्याने वार केला, तर धरणारे केवळ वार न केल्यामुळे सुटत नाहीत. मात्र त्याला ठार करण्याचा बेत तिघांचा मिळून होता, हे सरकार पक्षाला सिद्ध करावे लागते. तो बेत जागच्या जागीही जुळू शकतो. सिंधूकाठच्या गोळीबारातून उद्भवलेल्या महबूब शाह खटल्यात (१९४५) प्रिव्ही कौन्सिलने (ब्रिटिश काळातील सर्वोच्च अपील न्यायालयाने) हाच भेद केला: दोघांच्या मनात सारखा हेतू असणे म्हणजे दोघांचा मिळून एक हेतू असणे नव्हे.

पाच किंवा अधिक जणांच्या बेकायदेशीर जमावाला लागणाऱ्या १९० मध्ये मात्र समान उद्दिष्ट पुरते, स्वतः हात उचललेला असण्याची गरज नसते. म्हणूनच आरडाओरडा ऐकून जेट्टीवर धावत आलेल्या बघ्याची मला अधिक काळजी वाटते. मसाल्ती खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने, मोठ्या जमावाच्या प्रकरणात दोन-तीन किंवा अधिक साक्षीदारांच्या सुसंगत जबानीची कसोटी मान्य केली. भावकीच्या वैरातून शेजाऱ्याचे नाव फिर्यादीत घुसडले जाऊ शकते, तिथे ती कसोटी न्यायालयांनी कटाक्षाने लावलीच पाहिजे.