अनुभव धागा: अंदमानातला एक दिवस, गाईडच्या मागे

जानेवारीत अंदमानला जाऊन आलो, तेव्हापासून हा धागा काढायचं मनात होतं. विमान, हॉटेल, पॅकेज यावर हवी तेवढी माहिती मिळते. पण तिथे गेल्यावर रोज सकाळी कुणीतरी आपल्याला न्यायला येतं, दिवसभर आपण त्याच्या मागे फिरतो आणि संध्याकाळी तो आणून सोडतो. त्या एका दिवसाबद्दल कुणी फारसं लिहीत नाही. माझ्या मते ही सहल कशी होते ते दोनच गोष्टींवर ठरतं, तो माणूस आणि समुद्राची वेळ. तर ज्यांनी ज्यांनी अशी सहल केली आहे त्यांनी लिहा. कुठल्या बेटावर गेलात, काय पाहिलं, काय हुकलं आणि पुढच्या माणसाने आधी काय विचारून घ्यावं.

सुरुवात मी करतो. आम्ही बाराटांग बेटावर गेलो होतो. रात्री तीनला उठून निघालो, कारण जिरकाटांगच्या चेकपोस्टवरून गाड्यांचा पहिला ताफा सकाळी ६ ला सुटतो. आम्ही पोचलो तेव्हा अंधारात गाड्यांची लांबलचक रांग लागलेली आणि टपऱ्यांवर चहाला गर्दी. फॉर्म भरणं, ओळखपत्रं दाखवणं हे सगळं आमच्या गाईडने केलं. मग गाडीत बसल्यावर तो मागे वळून एवढंच म्हणाला, "शीशा ऊपर, फोन अंदर." पुढचा जवळजवळ ५० किलोमीटरचा रस्ता जारवा आदिवासींच्या राखीव जंगलातून जातो. थांबायचं नाही, ओव्हरटेक नाही, फोटो नाही, वेग ४० च्या वर नाही. मागच्या सीटवरच्या एका कुटुंबाने "दिसतील का हो?" असं विचारलं. गाईड शांतपणे म्हणाला की ते त्यांच्या घरात आहेत, आपण त्यांच्या अंगणातून चाललोय, मान खाली घालून जाऊ या. त्यानंतर गाडीत कुणी तो विषय काढला नाही.

मिडल स्ट्रेटला बार्ज लागते. बस, गाड्या, माणसं, कोंबड्यांच्या पाट्या, सगळं एकाच वेळी पलीकडे जातं. नीलांबूर जेट्टीवरून लाईफ जॅकेट घालून लहान स्पीडबोटीत बसायचं. आधी मोकळी खाडी, मग बोट एकदम डावीकडे वळून कांदळवनात शिरते. दोन्ही बाजूंची झाडं डोक्यावर एकमेकांत गुंतलेली. बोटवाल्याने इंजिन मंद केलं आणि पाणी मुळांवर आपटल्याचा चुबुक चुबुक आवाज ऐकू यायला लागला. तिथून दीड किलोमीटरच्या आसपास चालत चुनखडीच्या गुहेपर्यंत. वाट शेता-जंगलातून जाते, चढ थोडा आहे, दमट हवेत घाम फार येतो.

गुहेत गाईडने टॉर्च वर धरला. छतातून खाली आलेल्या लवणस्तंभाच्या टोकाला एक थेंब लटकत होता, पडत नव्हता. तो म्हणाला, थांबा, बघत राहा. आम्ही आठ जण मान वर करून उभे. थेंब फुगला, थरथरला आणि टप्पकन खालच्या बुटक्या स्तंभावर पडला. प्रत्येक थेंब चुन्याचा कणभर अंश मागे ठेवतो, वरून एक खाली येतो, खालून एक वर जातो आणि हजारो वर्षांनी दोघं भेटतात, हे त्याने तिथेच समजावलं. जिथे माणसांचे हात लागलेत तिथे दगड काळा आणि तुकतुकीत झालाय, तेही दाखवलं. हाताचं तेल लागलं की तिथली वाढ खुंटते. बाहेर आल्यावर आमच्यातला लहान मुलगा दोन्ही हात खिशात घालूनच चालत होता.

चिखलाचा ज्वालामुखी मात्र पायऱ्या चढून बघण्याइतका मला वाटला नाही. कुंपणाच्या आत राखाडी चिखल आणि अधूनमधून एक बुडबुडा. परतीच्या ताफ्याची वेळ चुकवायची नसल्याने तिथे घाई झाली, त्याचं वाईट वाटलं नाही.

* * *

छान धागा, दादा. मी नीलबद्दल लिहिते (आता शहीद द्वीप, पण जेट्टीवर सगळे नीलच म्हणतात). माहेर गुहागरचं असल्याने भरती-ओहोटी मला नवीन नाही. तरी तिथे चुकलेच असते. आमच्याकडे तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, तसंच धरून मी मनात हिशोब मांडला होता. तो तिथे जसाच्या तसा बसत नाही, भरती थोडी आधी येते.

आमच्या कागदावर आधी भरतपूर बीच, मग जेवण आणि नंतर नॅचरल ब्रिज असा क्रम होता. संकष्टी होऊन दोन दिवस झालेले. गाईड जेट्टीवरच म्हणाला, दीदी, कागद ठेवून द्या, आधी ब्रिज, पाणी आत्ताच उतरलंय, दुपारी तिथे जाऊन काही मिळणार नाही. चपला बदलून पट्ट्याच्या सँडल घालायला लावल्या, कारण वाट मेलेल्या प्रवाळाच्या खडकांवरून जाते आणि ते खडक कातरीसारखे आहेत.

तो खडकाचा पूल सुंदर आहेच, पण मला खरी मजा आली ती त्याच्या आधीच्या डबक्यांत. ओहोटीला खडकांत पाणी साठून राहतं. वरून पाहिलं तर नुसतं पाणी. गाईड उकिडवा बसला आणि बोट न बुडवता दाखवायला लागला. हा समुद्री काकडीचा काळा लोळा, ही शिंपली, बघा आपली सावली पडली की मिटते. आम्ही सावली पाडून पाहिली. निळ्या काठाचे ओठ खरंच आत ओढले गेले. मग सावली काढली आणि श्वास धरून बसलो, तर हळूहळू पुन्हा उघडले. माझे सासरे पंच्याहत्तरीचे. वाकवत नव्हतं म्हणून ते खडकावर बसले आणि अर्धा तास एकाच डबक्यात बघत राहिले.

शेजारी दुसऱ्या गटाच्या गाईडने समुद्री काकडी पाण्यातून काढून लोकांच्या हातावर ठेवला, फोटो काढले. समुद्री काकडी वन्यजीव कायद्याने संरक्षित आहे, आमच्या गाईडने त्याला आपल्या भाषेत काहीतरी सुनावलंही. तुमच्या गाईडने असं काही केलं तर नको म्हणा. नम्रपणे म्हटलं तर ऐकतात.

आम्ही परत निघालो तेव्हा पाणी चढायला लागलं होतं. दुपारी जेवताना भेटलेलं एक कुटुंब ब्रिज बघूनच आलं होतं. त्यांना लाटांपलीकडे लांबून नुसती कमान दिसली. आधी विचारून घ्या म्हणताय ना, तर हेच विचारा, त्या दिवशी ओहोटी किती वाजता आहे.

* * *

माझा अनुभव कडू आहे, थोडक्यात लिहितो. नॉर्थ बेला प्रवाळ बघायला एका एजंटकडून दिवसभराची सहल घेतली. "स्नॉर्केलिंग समाविष्ट" असं कागदावर होतं. तिथे गेल्यावर कळलं की ते दहा मिनिटांचं, तेही किनाऱ्याजवळच्या गढूळ पाण्यात. पुढे जायचं तर वेगळे पैसे. गाईड म्हणावा असा माणूस नव्हताच, बोटीत चढवणारा एक आणि उतरवणारा दुसरा. बायको पोहायला घाबरते, तिला धीर द्यायला कुणी नाही. ती काठावर बसून राहिली आणि मला पाण्यात मन लागलं नाही. किती मिनिटं, किती खोल, सोबत कोण, हे पैसे देण्याआधी लिहून घ्या.

जुन्या वीस रुपयांच्या नोटेवर जे नारळाच्या झाडांमागचं दीपगृह आहे ते इथलंच. नोटेवरचा तो देखावा मात्र माउंट हॅरिएटवरून (आता माउंट मणिपूर) दिसतो, नॉर्थ बेला उतरून दिसत नाही. हे मला परत आल्यावर कळलं.

* * *

आईबाबांना घेऊन गेले होते. बाबांना सेल्युलर जेल बघायचं होतं, बाकी कशाचं त्यांना अगत्य नव्हतं. माझं सांगणं एवढंच की जेलला चांगला गाईड घ्याच. नुसतं फिरलं तर लांब व्हरांडे आणि कोठड्या दिसतात. १८९६ ते १९०६ या काळात बांधलेल्या सात इमारतींपैकी तीनच उरल्यात. गाईडने आम्हाला एका कोठडीच्या दारात उभं केलं आणि विचारलं, समोर काय दिसतं? समोर दुसऱ्या इमारतीची पाठ. प्रत्येक कैद्याला समोर भिंतच दिसावी, दुसऱ्या कैद्याचा चेहरा दिसू नये, अशी ती रचना. कडी भिंतीतल्या खाचेत आत सरकते, गजांतून हात कितीही काढला तरी पोचत नाही. बाबांनी हात घालून पाहिला. मग कोलूपाशी गेलो. रोज तीस पौंड खोबरेल काढायचं, बैलाच्या जागी माणूस.

सावरकरांच्या कोठडीत बाबा आत गेले, मी दाराशी थांबले. १९११ ते १९२१. बाबा भिंतीला हात लावून उभे होते. मागे रांग लागली होती, लोक कुरकुरत होते. गाईडने रांगेतल्या लोकांना हात जोडले आणि म्हणाला, बुजुर्ग हैं, दो मिनट. लोक गप्प झाले. त्या दोन मिनिटांसाठी मी त्या माणसाची आयुष्यभर ऋणी आहे.

रॉस बेट (नेताजी सुभाषचंद्र बोस द्वीप) त्याच दिवशी केलं. ज्येष्ठांसाठी बॅटरीवर चालणारी गाडी मिळते. पडक्या चर्चच्या भिंती वडाच्या जातीच्या मुळांनी गिळून टाकल्यात, मधून हरणं फिरतात. एकाच दिवसात दोन्ही नका करू. जेलनंतर बाबांना बोलायचंच नव्हतं.

* * *

बाराटांगबद्दल वाचून लिहावंसं वाटलं. आम्ही मुद्दामच तिकडे गेलो नाही. २०१२ साली जारवा बायकांना खाण्याच्या बदल्यात नाचायला लावल्याची चित्रफीत जगभर गेली होती, ती मी पाहिली होती. ते लोक जेमतेम काहीशे आहेत. बाहेरच्या संपर्कानंतर १९९९ मध्ये त्यांच्यात गोवराची साथ आली, २००६ मध्ये पुन्हा. तो रस्ता बंद करा असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच दिला होता, तरी आपल्या गाड्या जातातच. तुमचा गाईड भला होता हे वाचून बरं वाटलं. पण आपण त्या अंगणातून जायचंच का, हा प्रश्न मला सुटला नाही.

त्याऐवजी आम्ही वांडूरहून जॉली बॉयला गेलो. महात्मा गांधी सागरी राष्ट्रीय उद्यानातलं बेट, परवाना आधी काढावा लागतो. जेट्टीवरच पिशव्या तपासतात, प्लास्टिक नेता येत नाही. माझ्या मुलीच्या दप्तरातून बिस्किटाचा पुडा निघाला, तो रिकामा करून बिस्किटं स्टीलच्या डब्यात भरली. बेटावर एकही दुकान नाही. काचेच्या तळाच्या बोटीत गाईड प्रवाळांची नावं सांगत होता आणि मधे मधे पांढरा पडलेला भाग आला की गप्प व्हायचा. मुलीने विचारलं, हे असं का? पाणी फार तापलं की प्रवाळ आजारी पडतं, २०१० साली इथे फार नुकसान झालं, असं तो म्हणाला. निघताना किनाऱ्यावर तिने उचललेला प्रवाळाचा तुकडा त्याने मागितला नाही. फक्त विमानतळावर काढून घेतील असं सांगितलं. तिने स्वतःच तो पाण्यात ठेवून दिला, फेकला नाही.

* * *

धागाकर्ता पुन्हा. तुमचा प्रश्न माझ्याही मनात आहे. आम्ही निघण्याआधी यातलं काही वाचलं नव्हतं, खरं सांगतो. वाचलं असतं तर कदाचित वांडूरलाच गेलो असतो. गुहेतला तो थेंब आठवतो आणि त्याच वेळी ताफ्यातल्या काही गाड्यांच्या काचा खाली झालेल्या आठवतात. आमच्या गाईडने त्यांचे नंबर एका चिठ्ठीवर लिहून घेतले होते आणि बार्जवर चढण्याआधी ती पोलिसाच्या हातात दिली होती.

हॅवलॉक बेटाबद्दल (आता स्वराज द्वीप) अजून कुणी लिहिलं नाही. एकच सूचना माझ्याकडून. तिथल्या राधानगर किनाऱ्यावरचा सूर्यास्त बघायचा असेल तर चारपर्यंत पोचा, डिसेंबर-जानेवारीत पाचच्या सुमाराला सूर्य बुडतो. आपल्याकडच्या सवयीने साडेपाचला गेलो आणि अंधारात लाटांचा नुसता आवाज ऐकून आलो. ज्यांनी तो पाहिलाय त्यांनी कृपया लिहा.