सव्वा किलोचा महागडा लॅपटॉप: रोजच्या वापराला खरंच लागतो का?

हलकीफुलकी

सात वर्षं मी पावणेतीन किलोचं धूड वाहिलं, वर अडॅप्टरची वीट वेगळी. दहा महिन्यांपूर्वी एकदाचा सव्वा किलोचा पातळ घेतला, चांगला वरच्या वर्गातला. घरच्यांचं म्हणणं, एवढ्या पैशात तर गेमिंगचा आला असता. आला असता हो, पण मला गेम खेळायचे कुठेत?

माझं म्हणणं असं की आपण लॅपटॉप पारखतोच चुकीचा. प्रोसेसरला कोअर किती, बेंचमार्कला (वेगाच्या चाचणीला) किती मार्क, गिगाहर्ट्झ किती. आणि घेतल्यावर करतो काय, तर मेल, वीस-पंचवीस टॅब, एक्सेल, व्हिडिओ कॉल आणि रात्री अंथरुणात पडून एखादा सिनेमा. यातलं एकही काम पाच वर्षांपूर्वीच्या बऱ्या प्रोसेसरला जड नव्हतं. दिवसातून दहादा जे जाणवतं ते त्या तक्त्यात नसतंच. झाकण एका हाताने उघडतं का की खालचा भाग पण वर येतो, उघडल्या उघडल्या स्क्रीन पेटते का, चार्जर घरी विसरला तर पोटात गोळा येतो का, मीटिंगमध्ये पंखा घुर्र करतो का, कीबोर्डवर दोन तास बडवल्यावर बोटं काय म्हणतात.

आणि स्क्रीनचा आकार. जुना सोळा बाय नऊ होता, हा सोळा बाय दहा. ऐकायला काहीच फरक नाही, पण १९२० बाय १०८० च्या जागी १९२० बाय १२०० म्हणजे उभ्यात १२० पिक्सेल जास्त, एक्सेलच्या सहा-सात ओळी. दिवसभर आकड्यांत बसणाऱ्याला विचारा त्या ओळींची किंमत.

तर बोला, मी फसले की शहाणी झाले?

स्क्रूड्रायव्हर

फसलात. स्पष्ट बोलतो, राग मानू नका.

हलका करायचा म्हणजे काय करतात ते आधी बघा. रॅमचा (चालू कामाच्या मेमरीचा) सॉकेट काढून रॅम बोर्डावर सोल्डर करतात, बॅटरी पातळ करून गोंदाने चिकटवतात, काही ठिकाणी तर एसएसडी (फाइली साठवायची डिस्क) पण पक्की. म्हणजे घेताना जे घेतलं तेच शेवटपर्यंत. तुमच्या जुन्या धुडात सात वर्षांत एकदा तरी रॅम वाढवली असेल ना? एसएसडी टाकली असेल? म्हणून तर ते सात वर्षं चाललं! नव्याला ती सोय नाही. दोन वर्षांनी ब्राउझर अजून खादाड झाला की तुम्ही बसणार टॅब बंद करत.

ॲपलने मॅकबुक एअरच्या पायाभूत मॉडेलला ८ जीबी रॅम थेट २०२४ च्या ऑक्टोबरपर्यंत ठेवली होती, मग १६ केली. ज्यांनी त्याआधी ८ वाला घेतला त्यांनी काय करायचं? नवीन घ्यायचा. सोन्याची सुरी झाली म्हणून कोणी उरात खुपसून घेत नाही.

हलकीफुलकी

रॅम एकदा वाढवली होती, एसएसडी पण टाकली होती. हा मुद्दा बरोबर, नाही कशाला म्हणू. पण म्हणूनच नवा घेताना सरळ १६ घेतली, ८ कडे बघितलंच नाही.

अर्धवटराव

@स्क्रूड्रायव्हर, सोल्डर करणं म्हणजे सगळा लुबाडायचाच डाव, असं नाहीये पण. पातळ लॅपटॉपमध्ये एलपीडीडीआर रॅम असते, फोनमधल्या जातीची. ती वीज कमी खाते, झोपलेल्या अवस्थेत तर फारच कमी, आणि वेग टिकवायचा तर प्रोसेसरला चिकटून बसावी लागते, लांबच्या सॉकेटमधून सिग्नल धड जात नाही. तुम्हाला बॅटरी दिवसभर पाहिजे आणि रॅम बदलता पण यायला पाहिजे, हे दोन्ही आत्ता आत्तापर्यंत जमतच नव्हतं. आता एलपीकॅम २ नावाचा स्क्रूने बसणारा रॅमचा प्रकार आलाय, २०२४ मध्ये लेनोव्होच्या थिंकपॅड पी १ च्या सातव्या पिढीत आला, पण हलक्या वर्गात अजून तरी दुर्मिळ.

स्क्रूड्रायव्हर

रॅमचं एक वेळ धरलं. बॅटरी चिकटवण्यात कुठलं विज्ञान? फ्रेमवर्क नावाची कंपनी आहे, ते २०२१ पासून १.३ किलोत बॅटरी, रॅम, पोर्ट, कीबोर्ड सगळं बदलता येईल असा लॅपटॉप विकतायत. सव्वा आणि एक पूर्णांक तीन, ५० ग्रॅमचा फरक. ५० ग्रॅमसाठी एवढं सगळं सोडायचं?

टेबलखुर्ची

मी वेगळ्याच बाजूने विरोध करतो. तुमचा लॅपटॉप दिवसातून किती तास हातात किंवा पाठीवर असतो? माझा वीस मिनिटं. बाकी वेळ टेबलावर, मागे मोठा मॉनिटर लावलेला, बाजूला माऊस. टेबलाला काय फरक पडतो वजनाचा? वीस मिनिटांसाठी दुप्पट पैसे मोजायचे आणि उरलेले आठ तास दोन पोर्टांवर दिवस काढायचे, हे माझ्या डोक्यात शिरत नाही.

आणि खरं वजन करा एकदा. लॅपटॉपचं नाही, बॅगेचं. माझ्या मित्राने हौसेने किलोभराचा घेतला. मग पेनड्राइव्ह लागत नाही म्हणून हब, प्रोजेक्टर लागत नाही म्हणून एचडीएमआयचं शेपूट, नेटवर्कसाठी तिसरं. चार्जर आणि माऊस धरून काट्यावर ठेवलं तर १ किलो ७००. माझा दीड किलोचा, सगळी भोकं अंगावरच, चार्जर धरून १ किलो ८५०. नाकापेक्षा मोती जड म्हणतात ते हेच.

बॅगबहाद्दर

टेबलखुर्ची यांना नावातच उत्तर मिळालंय 😀 ज्याचा लॅपटॉप हलतच नाही त्याने हलका घेऊ नये, यात वाद काय? माझं काम रोज तीन ठिकाणी, त्यात दोन ठिकाणी जिने. पाठीचा डॉक्टर कोअर विचारत नाही.

हबचं म्हणाल तर चार्जर, मॉनिटर आणि कीबोर्ड एकाच टाइप-सी केबलने लागतो आता, संध्याकाळी एक केबल उपटली की निघालो. चार्जर पण गॅलियम नायट्राइडचा ६५ वॉटचा घ्या, मुठीत मावतो, फोन पण त्याच्यावरच. ज्यांनी अजून जुनी गोल पिन सोडली नाही त्यांना हे कळणार नाही. फक्त केबल बघून घ्या, दिसायला सगळ्या टाइप-सी सारख्याच, पण कुठली नुसतं चार्जिंग करते, कुठली मॉनिटर चालवते ते अंगावर धड लिहिलेलं पण नसतं. या एका गोष्टीवर मात्र मी विरोधी पक्षात.

रात्रपाळी

वजन, पोर्ट झालं. उष्णतेचं कोणी बोलतच नाहीये.

पातळ डब्यात हवा खेळायला जागा नसते. प्रोसेसर कितीही भारी टाका, त्या डब्याला सतत १५ ते २० वॉटच बाहेर फेकता येत असतील तर चिप तेवढ्यावरच येऊन बसणार. पहिली दोन-तीन मिनिटं सुसाट, मग गरम झाला की स्वतःच वेग कमी करतो. बेंचमार्क त्या पहिल्या सुसाट मिनिटांत घेतलेले असतात, तुमचं काम मात्र चाळीस मिनिटांचं. माझा अनुभव, तोच प्रोसेसर जाड लॅपटॉपमध्ये एडिट केलेला व्हिडिओ पावणेदोन पट लवकर बाहेर काढायचा (एक्सपोर्ट). कागदावर दोन्ही जुळे भाऊ.

म्हणून धाग्यातलं "कोअर बघू नका" हे अर्धंच खरं. कोअर बघू नका, वॉट बघा.

हलकीफुलकी

पण मी व्हिडिओ बाहेर काढतच नाही ना! माझं काम म्हणजे धक्क्याधक्क्याचं, फाइल उघडली, दोन सेकंद जोर लागला, परत शांत. अशा कामाला तुमची पहिली सुसाट मिनिटंच पुरतात. २०२० च्या नोव्हेंबरात ॲपलच्या स्वतःच्या एम १ चिपवाला मॅकबुक एअर आला त्याला पंखाच नव्हता, लोक अजून वापरतायत, बिचाऱ्याला कोणी सांगितलं नसावं की पातळ डब्यात जमत नाही.

रात्रपाळी

:) मान्य. पण "रोजचा वापर" म्हणजे "माझा वापर" असं धाग्याच्या नावात लिहा मग.

जुनीजाणती

सगळे वजनावर भांडताय म्हणून थोडं अवांतर. २००८ च्या जानेवारीत स्टीव्ह जॉब्सने पाकिटातून मॅकबुक एअर काढला ना, तो १.३६ किलोचा होता. एकच यूएसबी पोर्ट, रॅम २ जीबी आणि ती पण सोल्डर केलेली, ८० जीबीची पिटुकली हार्ड डिस्क जी मिनिटाला ४२०० फेरे मारायची म्हणजे झोपाळूच. तेव्हाही हेच दोन पक्ष होते, हेच मुद्दे. मग २०१० मध्ये आकार बदलून फ्लॅश मेमरीवाला आला, दोन यूएसबी आले आणि २०११ मध्ये इंटेलने अल्ट्राबुक (पातळ-हलका लॅपटॉप) म्हणून बाकी सगळ्यांना त्याच रांगेत उभं केलं.

मुद्दा काय, तर पातळवाला पक्ष पण बरोबर होता आणि पैसे घालवले ते ज्यांनी पहिली आवृत्ती घेतली त्यांनी. पातळपणाच्या नादात काहीतरी हमखास मरतं आणि कुठलं ते वर्षभराने कळतं. २०१५ चा फुलपाखरू कीबोर्ड आठवा, एक कण धूळ गेली की अक्षर दोनदा उमटायचं. २०१९-२० मध्ये ॲपलला तो पूर्ण काढून परत कात्रीवाल्या रचनेवर यावं लागलं. म्हणून मी कधीही नवीन साच्यातला पहिल्या वर्षी घेत नाही, दुसऱ्या पिढीचा घेते.

निद्रानाश

रोजच्या वापरातला सगळ्यात मोठा त्रास इथे कोणाच्याच डोक्यात कसा आला नाही? झोप!! लॅपटॉपची.

माझा (कंपनीचं नाव घेत नाही) वरच्या वर्गातला, १.१ किलो. संध्याकाळी ८० टक्के बॅटरी असताना झाकण बंद केलं, बॅगेत टाकला, सकाळी काढला तर गरम भट्टी आणि बॅटरी ९ टक्के. एकदा नाही, आठवड्यातून दोनदा. शोधलं तेव्हा कळलं की जुन्या एस ३ झोपेत रॅम सोडून सगळं बंद व्हायचं, आता विंडोजचं मॉडर्न स्टँडबाय असतं, त्यात लॅपटॉप फोनसारखा अर्धवट जागा राहतो, मध्येच उठून अपडेट बघतो, मेल बघतो. फोनमध्ये जमतं, यात कधी जमतं कधी नाही, आणि बऱ्याच नव्या पातळ लॅपटॉपात एस ३ चा पर्यायच काढून टाकलेला. कमांड प्रॉम्प्टच्या काळ्या खिडकीत पॉवरसीएफजी स्लॅश ए (powercfg /a) टाकलं की आपल्याकडे कुठली झोप आहे ते दिसतं. शेवटी झाकण बंद केल्यावर हायबरनेट (सगळं डिस्कवर ठेवून पूर्ण बंद) होईल असं लावलं, आता उघडायला दहा-बारा सेकंद लागतात पण भाजत तरी नाही.

म्हणजे बघा, "उघडल्या उघडल्या जागा" या एका गोष्टीसाठी ज्यादा पैसे दिले आणि तीच गोष्ट बंद करून ठेवावी लागली.

बॅगबहाद्दर

+१. सेम टू सेम. मला वाटायचं माझाच पीस खराब.

टेबलखुर्ची

हे मला पण माहीत नव्हतं. आणि आम्ही बसलोय ग्रॅम मोजत.

हलकीफुलकी

निद्रानाश, माझ्याकडे रात्रीत तीन-चार टक्के जातात, तेवढं चालतं. पण घेताना मी हे तपासलं होतं असं खोटं सांगणार नाही, नशिबाने मिळालं.

डोळसपणे

एक राहिलं. ओलेड पडद्याचा घेणार असाल तर आधी पंधरा मिनिटं मंद प्रकाशावर लावून त्यावर वाचत बसा. बरेच ओलेड पडदे प्रकाश कमी करायला खरा कमी करत नाहीत, सेकंदाला काही शे वेळा चालू-बंद करतात. बहुतेकांना कळत नाही, ज्यांना कळतं त्यांचं डोकं धरतं. मी महिनाभर चष्म्याला दोष देत होतो, नंबर पण तपासून घेतला! फोनच्या कॅमेऱ्यात शटरचा वेग वाढवून बघितलं तर पडद्यावर काळे पट्टे. काळा रंग सुंदर दिसतो हो, त्यात वाद नाही, सिनेमाला तर विचारूच नका. पण दिवसभर पांढऱ्या पानावर लिहिणाऱ्याला साधा आयपीएस (एलसीडी) पडदा बरा.

पैलवान

अजून एक, धातू. मॅग्नेशियमची घनता १.७ च्या आसपास, ॲल्युमिनियमची २.७, म्हणूनच एलजीचा 'ग्राम' नावाचा १७ इंची लॅपटॉप १.३५ किलोत बसतो. पण मॅग्नेशियमची बॉडी हातात घेतली की प्लॅस्टिक वाटते, कोपऱ्याला धरून उचलली की थोडी लचकते पण, आणि मग लोक म्हणतात एवढ्या पैशात हे? ज्यांना जड वस्तू म्हणजेच मजबूत असं वाटतं त्यांनी हलक्याच्या वाटेला जाऊच नये, रोज मनात खुट्ट होत राहील.

स्क्रूड्रायव्हर

धागा भरकटला. @हलकीफुलकी, साधा प्रश्न, उद्या हा हरवला तर परत हाच घ्याल का?

हलकीफुलकी

घेईन. पण १६ ऐवजी ३२ जीबीचा घेईन, ते तुमच्यामुळे. आणि झोपेचं दुकानातच विचारेन, विचारून दुकानदाराला काय कळणार ते वेगळं.

बॅटरीचा रिपोर्ट काढून बघितला आत्ता तुमच्या धाकाने. मूळ ५७ वॉट-तास होती, आता ५४ दाखवतोय. चार्जिंग ८० टक्क्यांवर थांबवायची सोय आहे ती पहिल्या महिन्यापासून चालू ठेवली आहे.

स्क्रूड्रायव्हर

दहा महिन्यांत ५७ ची ५४. लिहून ठेवतो. तीन वर्षांनी हा धागा वर काढेन, तेव्हा बॅटरी बदलायला कोणी उघडून दिला आणि मागचं झाकण परत नीट बसलं का, ते सांगा.

हलकीफुलकी

काढा. तोपर्यंत तुमची मान कशी आहे ते पण लिहा.